पावणेचार हजार वर्षांपूर्वीची पाटी घरी कशी करावी

मी सहावीला इतिहास शिकवते. ‘मेसोपोटेमियातील लोक मातीच्या पाट्यांवर लिहीत’ हे वाक्य मी किती वर्षं फळ्यावर लिहिलं, याची मोजदाद नाही. मग एका वर्षी मागच्या बाकावरून प्रश्न आला, “बाई, चुकलं तर खोडायचं कसं?” मला उत्तर येत नव्हतं. ‘सांगते उद्या’ म्हणून वेळ मारून नेली आणि त्या रविवारी घरी माती कालवायला बसले. तेव्हापासून दरवर्षी वर्गाकडून पाट्या करून घेते. कुणाला करून पाहायच्या असतील तर माझी पद्धत सांगते.

आपण करणार आहोत ती निप्पूरच्या पोरांची पाटी. निप्पूर म्हणजे आजच्या इराकच्या दक्षिणेकडचं एक प्राचीन शहर. तिथे १९५१-५२ च्या उत्खननात एक लहानसं घर सापडलं आणि त्यात सुमारे १,४०० पाट्या नि त्यांचे तुकडे मिळाले. बहुतेक सगळा शाळेचा अभ्यास, इसवी सनापूर्वी १७४० च्या आसपासचा. शाळेला सुमेरी, म्हणजे तिथल्या जुन्या भाषेतला, शब्द ‘एदुब्बा’. त्यातल्या ‘दुब’चा अर्थ पाटी. शाळा म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर वर्ग आणि बाकांच्या रांगा येतात. मारी या दुसऱ्या प्राचीन शहराच्या राजवाड्यातल्या बाकांच्या खोलीलाही बरीच वर्षं शाळा समजत होते, आता ते फारसं कुणी मानत नाही. निप्पूरची शाळा म्हणजे साधं राहतं घर. मास्तर आणि हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी मुलं, एवढंच चित्र मनात ठेवा.

माती बारीक, चिकण हवी. त्यात एकही खडा नको, नाहीतर नेमका अक्षराखालीच येतो. कणकेपेक्षा जरा घट्ट मळा आणि बोटाला चिकटेनाशी झाली की थांबा. मुठीत मावेल एवढा गोळा घेऊन सपाट फळीवर हलक्या हाताने दाबा. खालची बाजू सपाट, वरची किंचित फुगीर, व्यास साधारण ८ सेंटिमीटर. सपाट बाजूवर लिहायचं. नवशिक्यांच्या गोल पाट्या अशाच असत. वर मास्तर एक-दोन ओळी लिहून देत आणि खाली पोरगं त्या गिरवत असे.

आता बोरू. इथे मी पहिल्या वर्षी सपशेल फसले. मुलांच्या हाती टोक काढलेल्या पेन्सिली दिल्या आणि सगळ्यांनी मातीवर रेघा ओढल्या. ओली माती ओरखडली की कडेला तिचा बांध उठतो आणि पुढची रेघ त्या बांधावर अडखळते. तासाभरात पाट्यांची नांगरलेली शेतं झाली. सुमेरी लेखनिकांचीही सुरुवात चित्रं कोरण्यापासूनच झाली होती, पुढे ते कोरणं सोडून दाबण्याकडे वळले. त्यासाठी बोरूचं टोक अणकुचीदार नको, त्याला कोपरा हवा. बोरू मिळाला तर तो आडवा छाटून कड धारदार करा. नाहीतर चौकोनी टोकाची बांबूची काडी घ्या, चांगली चालते.

पाटी डाव्या हातात धरा. काडी आडवीकडे झुकवून तिचा कोपरा मातीत दाबा आणि सरळ वर उचला. ओढायचं अजिबात नाही. डोकं त्रिकोणी आणि शेपूट निमुळतं अशी पाचर उमटेल. डोकं वर नि शेपूट खाली तर उभी पाचर, डोकं डावीकडे तर आडवी. काडी जास्त उभी धरून नुसता कोपरा टोचला की शेपटाविना टोचा उमटतो. एवढ्या ऐवजावर सगळी लिपी उभी आहे. पहिली पाटी नुसत्या पाचरांच्या रांगांनी भरा. कंटाळा येतो, पण निप्पूरची पोरंही तेच करत होती, तशा पाट्या सापडल्या आहेत.

त्यानंतर त्यांची बाराखडी असे: तु-ता-ती, नु-ना-नी, बु-बा-बी. मग माणसांची नावं, मग वस्तूंच्या लांबच लांब याद्या, आधी झाडं आणि लाकडी वस्तू, पुढे बोरू, भांडी, चामडं, धातू, जनावरं, मासे, पक्षी. घरी अक्कादी बोलणारी मुलं शाळेत सुमेरी घोकत होती, आणि सुमेरी तेव्हा रोजच्या बोलण्यातून जवळजवळ गेलेली होती. घोकंपट्टीला पर्यायच नव्हता.

आपण मात्र थेट पाढ्यावर जाऊ, कारण आकड्यांना दोनच खुणा लागतात. उभी पाचर म्हणजे १, टोचा म्हणजे १०. नऊचा पाढा घ्या. ९ म्हणजे तीन-तीनच्या तीन ओळींत नऊ पाचरा. नऊ दुणे अठरा: एक टोचा, आठ पाचरा. नऊ सक चोपन्नपर्यंत वर्ग सुखाने चालतो. नवा साती त्रेसष्टला गाडी रुळावरून घसरते. हा हिशेब साठाचा आहे, म्हणून ६३ म्हणजे एक साठ आणि वर तीन: एक पाचर, थोडी जागा, मग तीन पाचरा. ती जागा सोडायला विसरलात तर झाले ४. मोकळं घर दाखवायला त्यांच्याकडे शून्य नव्हतं. पुढे नऊ विसे १८०, म्हणजे तीन साठ. लिहायच्या फक्त तीन पाचरा, अगदी ३ सारख्या. यातलं साठ कुठलं आणि एक कुठला, हे ज्याचं त्याने ओळखायचं. पाढा २० पर्यंत न्या, मग ३०, ४० आणि ५० च्या ओळी लिहा. त्यांचे पाढे तसेच संपत. पाढ्यांची मांडणीही उलटी, ५० च्या पाढ्यापासून खाली उतरत यायची. त्यात ७ चा पाढा आहे, ११ आणि १३ चा नाही. मुलांना ही व्यवस्था फार आवडते.

आता खोडण्याचा प्रश्न. बोट ओलं करा आणि अक्षरावरून फिरवा, झालं. पण प्रत्येक वेळी थोडी माती जाते. निप्पूरच्या एका जातीच्या पाट्यांवर हे स्पष्ट दिसतं. त्या मोठ्या, आयताकृती असत. पुढच्या बाजूला डावीकडे मास्तरांचं वळणदार अक्षर आणि उजवीकडे मुलाची नक्कल. मुलगा लिहायचा, पुसायचा, परत लिहायचा, आणि उजवी बाजू झिजून पातळ होत जायची. मागच्या बाजूला आधी शिकलेल्या धड्याची उजळणी असे, न पाहता लिहिलेली. पुढे नवा धडा, मागे जुना. अशा शेकडो पाट्यांच्या दोन्ही बाजू जुळवून संशोधकांनी कुठला धडा कुठल्या आधी येई ते लावलं. अभ्यासक्रमाचं छापील पत्रक नव्हतं, ते पाट्यांच्या पाठीवरून वाचावं लागलं. मला या सगळ्या प्रकरणातली हीच गोष्ट सर्वांत मोलाची वाटते, म्हणून माझ्या वर्गात पाटीच्या मागे मागच्या आठवड्याचं लिहायचं हा नियम आहे. पाटी उलटताना मात्र वहीच्या पानासारखी उलटू नका. खालची कड वर घ्या, तसाच त्यांचा रिवाज होता.

एका सुमेरी गोष्टीत मुलाला विचारतात, शाळेत काय केलंस? तो सांगतो: पाटी वाचली, जेवलो, नवी पाटी केली, लिहिली, पुरी केली. म्हणजे पाटी करणं हाही अभ्यासच. पुढे त्याला बोलल्याबद्दल, उभं राहिल्याबद्दल, वाईट अक्षराबद्दल, सुमेरी न बोलल्याबद्दल छड्या बसतात. शेवटी वडील मास्तरांना घरी बोलावून नवं वस्त्र आणि अंगठी देतात, आणि मास्तरांना पोरगं एकदम हुशार वाटू लागतं. ही गोष्ट वाचली की वर्गात टाळ्या पडतात. मग मुली हमखास विचारतात, “यात आम्ही कुठे?” शिकणारे बहुतेक मुलगेच होते, पण सिप्पार शहरात लेखनिक बायका होत्या, हे मी आवर्जून सांगते.

पाटी ठेवायची असेल तर सावलीत सावकाश वाळवा, उन्हात चिरते. भट्टीत घालू नका, निप्पूरच्या बहुतेक पाट्याही नुसत्या वाळवलेल्याच होत्या. ठेवायची नसेल तर तुकडे करून पाण्यात टाका. दुसऱ्या दिवशी परत माती तयार. तिकडेही असंच चाले, आणि उरलेल्या पाट्या भिंतीत, जमिनीत भराव म्हणून जात. तशा गेल्या म्हणूनच आपल्याला सापडल्या.

तो खोडण्याचा प्रश्न विचारणारा मुलगा आता कॉलेजात आहे. त्याची पाटी माझ्या कपाटात आहे, नवा साती चारची. ओलं बोट फिरवून त्याने ती ओळ पुसली होती, पण नीट पुसली गेली नाही. चार पाचरांवर त्याच्या बोटाचा ठसा तेवढा वाळून बसला आहे.