अमेरिकेतल्या मताधिकाराची कालपट्टी अभ्यासवर्गात कशी लावायची

दादर-परळकडच्या अभ्यासवर्गात अमेरिकेतल्या वर्णभेदाचा विषय निघाला की वक्ता लिंकनवरून थेट मार्टिन ल्यूथर किंगवर येतो. मधली शंभर वर्षं गळतात, आणि खरं राजकारण तिथंच आहे.

बिलाच्या मशीनचा कागदी रोल ३ मीटर २० सेंटीमीटर कापा. एक वर्ष म्हणजे २ सेंटीमीटर. सुरुवात १८६०, शेवट २०२०. पावसाळ्यात ओल धरलेल्या भिंतीवर सेलोटेप टिकत नाही. दोरी बांधून कपड्यांचे चिमटे लावा.

१० सेंटीमीटरवर १८६५, गुलामगिरी संपवणारी तेरावी घटनादुरुस्ती. २० वर १८७०: वर्णावरून मत नाकारायला बंदी घालणारी पंधरावी, त्याच वर्षी मिसिसिपी या दक्षिणेकडच्या राज्याचे हायरम रेव्हल्स पहिले कृष्णवर्णीय सिनेटर झाले. ६० वर १८९०, मिसिसिपीची नवी राज्यघटना. १८० वर आपलं १९५०, म्हणजे प्रौढ मताधिकार. २१० वर १९६५चा मताधिकार कायदा. २० ते २१० हे अंतर एखाद्याला पट्टीखाली आडवं झोपवून दाखवा. बहुतेकांची उंची कमी पडते.

जास्त वेळ १८९०ला द्या. त्या घटनेतल्या मताधिकाराच्या कलमांत वर्णाचा उल्लेख नव्हता. होता तो २ डॉलरचा मतदान कर आणि घटनेतलं कलम वाचायची किंवा समजावून सांगायची अट. कलम कोणतं, उत्तर बरोबर की चूक, हे नोंदणी करणारा ठरवणार. करून पाहा: एकाला भारतीय संविधानाचं सोपं कलम १७ (अस्पृश्यता बंदी) द्या, दुसऱ्याला किचकट ३१ख. ‘कारकुना’च्या हातात आधीच चिठ्ठी: पहिला पास, दुसरा नापास, कारण सांगायचं नाही. सभागृहात गलका होईल, पाच मिनिटं होऊ द्या. मग आकडा सांगा: मिसिसिपीतल्या मतदानाच्या वयाच्या कृष्णवर्णीयांपैकी मतदार म्हणून नोंदलेले १९६५च्या कायद्याआधी सुमारे ७ टक्के होते, दोन वर्षांत ६० टक्क्यांच्या आसपास गेले.

पट्टी पक्षांच्या रंगांत रंगवू नका, तिथं हमखास घोळ होतो. लिंकन रिपब्लिकन, पण १९५७मध्ये नागरी हक्क विधेयक अडवायला २४ तास १८ मिनिटं बोलणारे सिनेटर स्ट्रॉम थर्मंड तेव्हा डेमोक्रॅट होते, १९६४मध्ये रिपब्लिकन झाले. आणि ‘रेस’ला जात म्हणू नका, वंश म्हणा, नाहीतर तासभर तुलनेतच जातो.

शेवटचा चिमटा ३०६ वर, २०१३. कोणत्या राज्यांनी निवडणूक नियम बदलण्याआधी केंद्राची परवानगी घ्यायची, हे ठरवणारं १९६५च्या कायद्यातलं सूत्र सर्वोच्च न्यायालयाने त्या वर्षी रद्द केलं.