तीन मिनिटांची राजकीय विनोदी फिल्म: विषयापासून एडिटपर्यंत

नागपुरात तान्ह्या पोळ्याला मारबतीच्या मिरवणुकीत निघणारे बडगे, म्हणजे टीकेच्या पाट्या लावलेले पुतळे, नीट बघा. एका बडग्यावर एकच तक्रार असते, म्हणून ती गर्दीतल्या लहान पोरालाही कळते. फिल्मलाही तेच लागू: एक निर्णय, एक जागा, तीन पात्रं. महागाई, पक्षांतर आणि रस्ते एकत्र कोंबले की एकही धड पोचत नाही.

टीका कारभारावर हवी. नेत्याच्या पोटावर किंवा चालण्यावर केलेला विनोद फक्त त्याच्या विरोधकांना हसवतो. समजा, सिमेंट रोड घरांच्या जोत्यापेक्षा उंच झाला आणि पहिल्याच पावसात पाणी घरात शिरलं. नगरसेवक येतो, पाण्यात उभ्या घरमालकाला हार घालतो आणि म्हणतो, "म्या म्हटलं होतं ना, घराघरात पानी आनीन!" हे यश आहे असं त्याला मनापासून वाटलं पाहिजे. नटानं डोळा मिचकावला की प्रसंग मेला. टेक पुन्हा घ्या. घरमालकाला उलट भाषण देऊ नका. त्यानं टॉवेल आणून नगरसेवकाचे ओले बूट पुसावेत, बस.

स्क्रिप्ट तीन पानांची, साधारण पानाला एक मिनिट. पहिल्या 20 सेकंदांत पाणी दिसलंच पाहिजे. वऱ्हाडी बोलणारा नट नसेल तर साधी मराठी ठेवा. ओढूनताणून आणलेली बोली लगेच कळते.

मोबाईलवर सेकंदाला 25 फ्रेम आणि शटर 1/50 सेकंद ठेवा. आपली वीज 50 हर्ट्झची, त्यामुळे दुसऱ्या शटरवर ट्यूबलाइट लुकलुकताना दिसू शकते. फरशीवर दोन बोटं पाणी पुरतं, पण लाइट फक्त बॅटरीवरचे वापरा. एक्स्टेन्शन बोर्ड त्या खोलीत नकोच. कॉलर माईक हनुवटीखाली वीतभर, टेपनं पक्का. शर्टाला घासला तर खरखर येते आणि ती नंतर निघत नाही. शेवटी सगळ्यांना गप्प करून 30 सेकंद खोलीचा आवाज घ्या, एडिटमधले जोड त्यानं झाकले जातात.

एडिटमध्ये विनोदी वाक्यानंतर 10 ते 15 फ्रेम शांतता सोडा, मग घरमालकाचा चेहरा. टुंग-टांग आवाज घालू नका.

खरं नाव आणि पक्षाचं चिन्ह टाळा. बदनामीसाठी भारतीय न्याय संहितेच्या कलम 356 मध्ये दोन वर्षांपर्यंत साधी कैद आहे. लोकसेवकाच्या कामावर सद्भावनेनं मांडलेल्या मताला त्यात अपवाद आहे, पण मनानं रचलेला लाचेचा आरोप त्या अपवादात बसत नाही.

फिल्म मे महिन्यात तयार ठेवा आणि पहिल्या मोठ्या पावसाच्या संध्याकाळी टाका. विधिमंडळाच्या डिसेंबरमधल्या नागपूर अधिवेशनाआधी रंगणारे दुभाजक हा वेगळ्या फिल्मचा विषय आहे.