भाला शिकायचाय? आधी पोलंडच्या मारियाचा खांदा बघा

टोकियोत नीरजनं गोल्ड काढलं तेव्हापासून मला फोन यायला लागले, ताई पोराला भाला शिकवाल का, आणि अजून येतायत. आमच्या बडोद्यात दांडियाबाजारातून येतात, मांजलपूरहून येतात, परवा तर एका काकूंनी नातीला थेट घरीच आणून उभं केलं. म्हणून एकदाच सगळं लिहून टाकते.

नीरजचं सगळ्यांना पाठ आहे. त्याच्या आदल्याच दिवशी, ६ ऑगस्ट २०२१ ला, बायकांची फायनल झाली आणि त्यात पोलंडच्या मारिया आंद्रेइचिकला ६४.६१ मीटरवर सिल्वर मिळालं, ते फार कुणी बघितलं नाही. मी मात्र शिकवताना तिचीच गोष्ट सांगते, कारण भाल्यात काय काय बिघडू शकतं आणि तरी कसं परत यायचं ते सगळं तिच्या एकटीच्या करिअरमध्ये आहे.

पोरगी १९९६ ची, सुवाल्कीच्या क्लबची, २०१५ ला युरोपियन ज्युनियर चॅम्पियन. पुढच्या वर्षी रिओत क्वालिफाइंगला ६७.११ फेकून पोलंडचं रेकॉर्ड केलं, वय २० फक्त, आणि फायनलला ६४.७८ वर चौथी आली. ब्राँझ गेलं ६४.८० ला. दोन सेंटीमीटर! त्यानंतर खांदा गेला, ऑपरेशन झालं, आणि २०१८ ला हाडाचा कॅन्सर निघाला, त्याचंही ऑपरेशन. तिथून उठून मे २०२१ मध्ये स्प्लिटला ७१.४०, आणि १९९९ पासून बायकांना जो नवा भाला आलाय त्यानं तेव्हापर्यंत जगात तिच्यापेक्षा लांब फक्त दोघींनीच फेकलेलं.

तर आता शिकायचं कसं. पहिला महिना भाल्याला हात लावायचा नाही. पोरं नाराज होतात, होऊ देत. टेनिस बॉल घ्या, मग क्रिकेटचा, आणि डोक्यावरून फेका. आपली पोरं क्रिकेटवाली, फिल्डरसारखा हात बाजूनं झाडतात आणि कोपर खाली पडतं, ती सवय भाल्यात चालत नाही. कोपर खांद्याच्या वर आणि हात कानाजवळून, हे अंगात बसेपर्यंत बॉलच. नीरजच्याही कोपराचं २०१९ ला ऑपरेशन झालंय, आईवडलांना हे सांगितलं की ते जरा शांत होतात.

याच महिन्यात रबरची ट्यूब दाराच्या कडीला बांधून खांदा आतबाहेर फिरवायचा व्यायाम रोज, आणि लटकणं. आमचे आजोबा जुम्मादादा व्यायाममंदिरात प्रोफेसर माणिकरावांच्या तालमीत मल्लखांब करायचे, त्यांना ट्यूबबीब माहीत नव्हती पण खांदे शेवटपर्यंत दगडासारखे. मल्लखांब येत असेल तर सोडू नका, भाल्याला त्याहून चांगली तयारी मी तरी बघितली नाही.

भाला कुठला घ्यायचा? बायकांचा ६०० ग्रॅम, पुरुषांचा ८००, अठराच्या आतल्या मुलींना ५०० आणि मुलांना ७००. नवशिक्याला याहून हलका द्या, बांबूचाही चालतो, आपली भालाफेकपटू अन्नू राणीसुद्धा बांबूवरच शिकलीये. महागडा भाला आणून पोराच्या हातात देऊ नका, तो जास्त लांब जाणारा भाला जरा चुकीचा सुटला की उलट जवळ पडतो.

पकड. तळहात आकाशाकडे, भाला तळव्यात आडवातिडवा नाही तर बोटांकडून मनगटाकडे सरळ पडलेला, आणि भाल्याला पकडीसाठी गुंडाळलेली दोरी असते तिच्या मागच्या कडेवर अंगठा आणि मधलं बोट अडकलेलं. हे जमत नसेल तर भाला तर्जनी आणि मधल्या बोटाच्या मध्ये धरा, दिसायला विचित्र पण कोपराला बरं.

आता खरी गोष्ट, भाला हातानं जात नाही. उजव्या हाताचे असाल तर डावा पाय पुढे रोवायचा, गुडघा न वाकवता, म्हणजे स्कूटरला पुढचा ब्रेक दाबल्यावर मागचा माणूस कसा पुढे उडतो तसं पळण्याचा सगळा जोर कंबरेतून छातीत, छातीतून खांद्यात येतो आणि हात सगळ्यात शेवटी. डावा गुडघा मोडला की तो जोर तिथेच मेला, मग पोरगं तो नुसत्या खांद्यानं भरून काढायला जातं, आणि खांदे असेच फाटतात. म्हणून आधी उभ्यानं, मग तीन पावलांवर, मग क्रॉसवर, म्हणजे आडवं होऊन एक पाय दुसऱ्यापुढून टाकत. पूर्ण रनअप सहा महिन्यांनी, आधी मागू नका.

कॉलेजात मला एका सरांनी नवरात्रात, रात्री दोनपर्यंत गरबा खेळून सकाळी ग्राउंडवर आलेली असताना, साठ थ्रो मारायला लावले आणि मी मारले कारण नाही म्हणायची अक्कल नव्हती. पुढचं अख्खं वर्ष केस विंचरायला हात वर जात नव्हता. त्यामुळे माझ्याकडे आठवड्यात दोनच दिवस थ्रो, एका दिवसाला पंचवीस, आणि नवरात्रात शून्य.

सेफ्टीवर मी वाईट ओरडते. भाला घेऊन पळायचं नाही, उभा धरून चालायचं. शेपटाकडूनही डोळा जातो, मागे कोणी उभं राहायचं नाही. सगळ्यांचे फेकून झाले की मगच आणायला जायचं, आणि जमिनीतून उपटताना आधी मागं वळून बघायचं. पावसाळ्यात आपल्या काळ्या मातीवर रोवलेला पाय सरळ घसरतो, तेव्हा नुसते ट्यूब आणि बॉल.

टोकियोनंतर मारियानं ते सिल्वर मेडल एका बाळाच्या हार्टच्या ऑपरेशनसाठी लिलावात काढलं. पोलंडच्या एका दुकानांच्या चेननं सव्वा लाख डॉलरला घेतलं आणि मेडल तिलाच परत दिलं. बाय द वे, दुसऱ्या महायुद्धात पोलंडची हजारो माणसं आपल्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला राहिलेली आणि कितीतरी मुलं इथे गुजरातेत बालाचडीला, त्यामुळे तो देश मला उगीच ओळखीचा वाटतो.

शेवटचं, मोजायला शिका. पावलांनी मोजून वहीत ३० लिहिणारी पोरं मला चालत नाहीत. टोक जिथं पहिल्यांदा टेकलं तिथं टेपचा शून्य, भाला रुतलाच पाहिजे असं नाही पण टोक आधी टेकलं पाहिजे. तिथून टेप ताणून फेकायच्या रेषेच्या आतल्या कडेवर वाचायचं, ही रेषा कमानीसारखी वळलेली असते, टेप ती कमान ज्या वर्तुळाची त्याच्या केंद्रावरून, म्हणजे रेषेच्या आठ मीटर मागून, गेला पाहिजे, आणि अर्धवट सेंटीमीटर आला तर खालचाच आकडा धरायचा. टेप ढिला सोडलात तर दोन सेंटीमीटर तिथेच इकडचे तिकडे होतात.