दूरशिक्षणाची पदवी सरकारी नोकरीत चालेल का?

नुसतं विद्यापीठ खरं असून भागत नाही. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या (यूजीसी) दूरशिक्षण विभागाची मान्यता तुमच्या अभ्यासक्रमाला, तीही तुमच्या प्रवेशाच्या सत्रात होती का, हे विभागाच्या संकेतस्थळावरच्या यादीत बघा. एजंटच्या ‘सगळीकडे चालते’वर तर मुळीच जाऊ नका. मान्यता असेल तर पदवी नियमित पदवीच्या बरोबरीची, असं यूजीसीने 2022 मध्येच स्पष्ट केलंय. पत्रव्यवहाराने मिळवलेल्या इंजिनिअरिंगच्या पदव्या मात्र सर्वोच्च न्यायालयाने 2017 मध्ये अडवल्या. प्रवेश घेतानाच त्या यादीची प्रत काढून गुणपत्रिकांसोबत ठेवा. कागदपत्र पडताळणीच्या वेळी जुन्या सत्राची यादी शोधत बसणं फार तापदायक. आणि जाहिरातीतली ‘शैक्षणिक अर्हता’ शब्दन् शब्द वाचा, विषयाची अट बहुधा तिथेच दडलेली असते.