कांजी शिकायला सुरुवात कशी करावी

कांजी म्हणजे जपानी लिहिताना वापरली जाणारी, चिनीवरून आलेली चिन्हं. त्यांच्या आधी हिरागाना आणि काताकाना या जपानीच्या दोन उच्चारदर्शक लिप्या पक्क्या करा. दोन्हींत प्रत्येकी 46 मूळ अक्षरं आहेत आणि त्यांचा आ, का, सा, ता, ना, हा, मा हा क्रम आपल्या वर्णमालेच्या जवळचा आहे. बौद्ध भिक्षूंनी जपानला नेलेल्या सिद्धम् या भारतीय लिपीच्या अभ्यासातून तो आला. रोमन अक्षरांतून जपानी वाचायची सवय मात्र लागू देऊ नका. ती नंतर सुटता सुटत नाही.

मग कांजी. रोजच्या वापराच्या सरकारी यादीत 2136 कांजी आहेत, पण हा आकडा पाहून घाबरायचं कारण नाही. जपानी मुलंही प्राथमिक शाळेच्या सहा वर्षांत 1026 शिकतात आणि पहिलीत फक्त 80. तुम्हीही त्या 80 पासूनच सुरुवात करा.

पहिल्या आठवड्यात झाड, माणूस, सूर्य, चंद्र, तोंड, पाणी अशी साधी चिन्हं घ्या. पुढची बरीच कांजी यांच्याच जोडणीतून तयार होतात. झाडाच्या चार रेघा आहेत: आधी आडवी, मग उभी, मग डावीकडे आणि उजवीकडे उतरणाऱ्या दोन तिरक्या. दोन झाडं शेजारी काढली की राई, तीन काढली की अरण्य. झाडाच्या डावीकडे माणूस उभा केला की विश्रांती. म्हणून नवीन कांजी दिसली की आधी तिचे भाग ओळखा. अख्खं चिन्ह एक चित्र म्हणून घोकलं तर शंभरएक कांजींनंतर सगळी सारखीच दिसू लागतात.

लिहायला गणिताची चौकटीची वही उत्तम. वरून खाली, डावीकडून उजवीकडे, आडवी रेघ उभीच्या आधी, हे मुख्य नियम. बाहेरची चौकट असेल तर आधी ती काढायची, मग आतलं भरायचं आणि तळाची रेघ सगळ्यात शेवटी. 'देश' या आठ रेघांच्या कांजीत हे नीट दिसतं. रेघ कशी संपते तेही पाहा: काही जागच्या जागी थांबतात, काहींना शेवटी हुकासारखा आकडा असतो, काही निमुळत्या होत जातात. रेघांची लांबीही महत्त्वाची. 'माती'च्या कांजीत खालची आडवी रेघ लांब असते. वरची लांब केली की तीच 'सामुराई'ची कांजी होते.

नवशिक्यांची खरी दमछाक होते ती उच्चारांपाशी. बहुतेक कांजींना किमान दोन उच्चार असतात, एक अस्सल जपानी (कुन्-योमी) आणि एक चिनीवरून आलेला (ओन्-योमी). मराठी माणसाला हे परकं वाटू नये. आपण प्यायला पाणी मागतो, पण पोहण्याच्या स्पर्धेला जलतरण म्हणतो. जपानीतही पाण्याची कांजी एकटी असली की 'मिझु' आणि जोडशब्दात बहुधा 'सुइ'. पोहणे म्हणजे 'सुइएइ'. म्हणून उच्चारांच्या याद्या अजिबात पाठ करू नका, शब्द पाठ करा. रविवार म्हणजे 'निचियोबी': यात पहिली आणि शेवटची कांजी एकच, सूर्याची, पण सुरुवातीला ती 'निचि' वाचायची आणि शेवटी 'बी'. शब्द तोंडात बसला की दोन्ही उच्चार आपोआप बसतात.

रोज तीन-चार नवीन कांजी पुरेत, उजळणीला मात्र सुट्टी नको. मराठी अर्थ पाहून कांजी न बघता लिहा, अडलात तरच वही उघडा. फोनवर आन्कीसारखं ॲप चुकलेली कार्डं लवकर आणि येणारी उशिरा समोर आणतं, त्याचा उपयोग होतो.

पुण्यात किंवा इतरत्र जेएलपीटी या जपानी भाषेच्या परीक्षेच्या एन 5 या सगळ्यात सोप्या पातळीला बसणार असाल, तर साधारण शंभर कांजी ओळखता यायला हव्यात. त्या परीक्षेत हाताने कांजी लिहावी लागत नाही, उत्तरं पर्यायांतून निवडायची असतात. तरीही पहिल्या 80 हातानेच गिरवा. हाताला वळण लागलं की पुढची कांजी कितीही गिचमिड दिसली तरी तिच्यातल्या रेघा मोजता येतात. त्यानंतर लिहिण्यापेक्षा वाचनाला जास्त वेळ द्या. लहान मुलांच्या पुस्तकांत कांजीच्या शेजारी बारीक हिरागानात उच्चार छापलेला असतो, त्याला फुरिगाना म्हणतात. तो बोटाने झाकून वाचा आणि अडलं की बोट बाजूला करा.