ॲटम इगोयान बघायचाय? मग या क्रमाने बघा

इगोयान या कॅनेडियन दिग्दर्शकाचे सिनेमे बघायचे म्हटलं की लोक थेट 'द स्वीट हिअरआफ्टर' (१९९७) लावतात, कारण त्याला कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये ग्रां प्री हे बक्षीस मिळालं आणि दिग्दर्शनाचं ऑस्कर नॉमिनेशनही होतं. सिनेमा भारीच आहे, पण पहिलाच हा बघितला तर या माणसाला नेमकं काय सलतंय ते कळत नाही.

आधी एवढं माहीत असू द्या: १९६० मध्ये कैरोत जन्म, आईवडील आर्मेनियन, लहानपणीच सगळे कॅनडात व्हिक्टोरियाला आले, तिथे पोराने इतरांसारखं व्हायच्या नादात घरची भाषा टाकली आणि टोरंटोला कॉलेजात गेल्यावर परत तिच्याकडे वळला. बस, पुरे.

सुरुवात 'कॅलेंडर'पासून (१९९३) करा. जेमतेम सव्वा तासाचा आहे. एक फोटोग्राफर कॅलेंडरसाठी आर्मेनियातल्या बारा चर्चचे फोटो काढायला जातो, बायको दुभाषी म्हणून सोबत, आणि तिथल्या ड्रायव्हरशी तिचं जुळत जातं हे हा कॅमेऱ्यामागून बघत बसतो. फोटोग्राफर स्वतः इगोयान आहे आणि बायको त्याची खरी बायको आर्सिने खांजियान! ड्रायव्हर आर्मेनियनमध्ये बोलतो तेव्हा सबटायटल शोधत बसू नका, नायकाला जेवढं कळतं तेवढंच आपल्याला कळायला हवं, म्हणून तर बायको मध्ये आहे.

मग मागे जा, 'फॅमिली व्ह्यूइंग' (१९८७). यात बाप घरातल्या जुन्या व्हिडिओ कॅसेटवर, म्हणजे पोराचं लहानपण, आई, आजी सगळं आहे त्यावर, स्वतःचे बेडरूममधले उद्योग रेकॉर्ड करतो. इगोयानचे सिनेमे बघताना एकच गोष्ट धरून ठेवा, कॅमेरा किंवा टेप कुणाच्या हातात आहे आणि पुसतंय कोण. तसं बघितलं की कथा तुटक वाटली तरी धागा सुटत नाही. (मॉन्ट्रियलच्या फेस्टिव्हलमध्ये जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्सने स्वतःच्या बक्षिसाचे पैसे या सिनेमासाठी इगोयानला देऊन टाकले होते, म्हणजे बघा.)

आता 'स्वीट हिअरआफ्टर' लावा. काळ पुढेमागे उड्या मारतो, तारखा जुळवत बसू नका, स्कूलबसच्या अपघाताबद्दल कोण काय सांगतंय आणि का, तेवढं ऐका.

'अरारात' (२००२) बघण्याआधी मात्र १९१५ चा आर्मेनियन नरसंहार आणि व्हान शहराचा वेढा याबद्दल थोडं वाचून घ्या, नाहीतर सिनेमातला सिनेमा, चित्रकार आर्शिल गोर्की, एअरपोर्टवरची कस्टम्सची चौकशी, सगळ्याची खिचडी होते. मला हा जरा जास्तच ठासून भरलेला वाटतो, पण ती चौकशी सोडू नका. फिल्मचे बंद डबे घेऊन आलेला पोरगा आणि त्याच्यावर विश्वास ठेवायचा की नाही या पेचात पडलेला ऑफिसर, क्रिस्टोफर प्लमर.

तोच प्लमर 'रिमेंबर'मध्ये (२०१५) स्मृती जात चाललेला म्हातारा आहे, हा सगळ्यात शेवटी बघा आणि त्याआधी ट्रेलर, रिव्ह्यू, विकिपीडिया काही म्हणजे काही उघडू नका.