बंदराची आणि जहाजाची भाषा कशी शिकावी

बंदर, जहाज आणि सागरी व्यापार यांतले शब्द वर्णक्रमाने पाठ करू नयेत, ते तसे डोक्यात राहत नाहीत. त्याऐवजी एखादा माल गोदामातून निघून जहाजावर चढेपर्यंत आणि परक्या बंदरात उतरेपर्यंत मनाने त्याच्या मागोमाग जावे आणि वाटेत भेटणाऱ्या प्रत्येक शब्दाला विचारावे, की हा नेमके काय मोजतो किंवा ठरवतो, आणि त्याचा खर्च कोणावर पडतो.

आरंभ जहाजाच्या अंगापासून करावा. नाळेकडे, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाकडे, तोंड करून उभे राहिले की डाव्या अंगाला पोर्ट आणि उजव्या अंगाला स्टारबोर्ड म्हणतात. माणूस पाठमोरा झाला तरी ही नावे बदलत नाहीत, म्हणूनच जहाजावर नुसते ‘डावे-उजवे’ चालत नाही. रात्री पोर्टकडे लाल आणि स्टारबोर्डकडे हिरवा दिवा असतो.

मग जहाजाच्या कुशीवर रंगवलेली भाररेषा, म्हणजे माल भरताना जहाज कुठपर्यंत बुडू द्यायचे त्याची खूण, नीट पाहावी, कारण अर्धा विषय तिथेच उलगडतो. एक वर्तुळ, त्याच्या मध्यातून गेलेली आडवी रेघ आणि शेजारी शिडीसारख्या लहान रेघा अशी ती खूण असते. ब्रिटनमध्ये खासदार सॅम्युअल प्लिमसोल यांच्या चळवळीमुळे 1876 च्या कायद्याने ती सक्तीची झाली. ‘एस’ ही उन्हाळ्यातल्या समुद्राची रेघ वर्तुळाच्या मध्याशी समपातळीत असते, हिवाळ्याची ‘डब्ल्यू’ तिच्याखाली, तर गोड्या पाण्याची ‘एफ’ तिच्यावर असते. गोडे पाणी खाऱ्यापेक्षा हलके असल्याने तेवढ्याच मालासह जहाज त्यात अधिक खोल बसते. पाण्याच्या पातळीपासून जहाजाच्या तळापर्यंतच्या या खोलीला ड्राफ्ट म्हणतात, आणि जहाज एखाद्या धक्क्याला लागू शकेल की भरतीची वाट पाहत बाहेर नांगर टाकून थांबेल, हे मुख्यतः तीच ठरवते.

नवशिक्याची सर्वांत मोठी चूक ‘टन’ या शब्दापाशी होते. ग्रॉस टनेज हे वजन नव्हेच. ते जहाजाच्या बंदिस्त जागेच्या घनफळावरून काढलेले मान आहे. डेडवेट मात्र खरोखर वजन असते, आणि त्यात मालाबरोबर इंधन, पाणी, शिधा, माणसेही धरतात. कंटेनर जहाजाची क्षमता टीईयूमध्ये, म्हणजे वीस फुटी कंटेनरच्या हिशेबात सांगतात. चाळीस फुटी एक कंटेनर दोन टीईयू होतो.

कागदपत्रांत बिल ऑफ लेडिंग आधी समजून घ्यावे. ते माल मिळाल्याची पावती असते, वाहतुकीच्या कराराचा पुरावा असते आणि, ते ‘टू ऑर्डर’, म्हणजे एखाद्याच्या आदेशानुसार माल द्यायचा अशा स्वरूपाचे, असेल तर, मालावरील हक्काचा दस्तऐवजही असते. मूळ प्रत ज्याच्या हाती रीतसर आली, तो माल मागू शकतो. म्हणून त्यातला पाठवणारा, स्वीकारणारा आणि चढवण्या-उतरवण्याची बंदरे हे रकाने अक्षरशः बोट ठेवून वाचावेत.

एफओबी (फ्री ऑन बोर्ड) आणि सीआयएफ (कॉस्ट, इन्शुरन्स अँड फ्रेट) या अटी आंतरराष्ट्रीय चेंबर ऑफ कॉमर्सच्या इन्कोटर्म्स, म्हणजे खरेदी-विक्रीच्या प्रमाणित अटींच्या, नियमांतल्या आहेत. एफओबीमध्ये जहाजभाडे खरेदीदार भरतो. सीआयएफमध्ये विक्रेता पोहोचीच्या बंदरापर्यंतचे जहाजभाडे आणि विमा भरतो, त्यामुळे तिथपर्यंतची जोखीमही त्याचीच असे अनेकांना वाटते. प्रत्यक्षात दोन्ही अटींत माल निघण्याच्या बंदरात जहाजावर चढला की जोखीम खरेदीदाराकडे जाते. खर्च कुठपर्यंत आणि जोखीम कुठपर्यंत, हे दोन प्रश्न वहीत वेगवेगळ्या ओळींवर लिहावेत.

डेमरेज हा शब्द तर संदर्भाप्रमाणे अर्थ बदलतो. भाड्याने घेतलेल्या जहाजाच्या करारात, माल चढवण्या-उतरवण्यासाठी ठरलेली मुदत उलटल्यावर जहाजमालकाला द्यायची ती रक्कम असते. कंटेनरच्या व्यवहारात बहुधा सवलतीच्या दिवसांनंतरही भरलेला कंटेनर टर्मिनलमध्ये पडून राहिल्याचे ते शुल्क असते, तर बाहेर नेलेला कंटेनर उशिरा परत केल्यास डिटेन्शन लागते. बिलात हा शब्द दिसला, की घड्याळ कोणत्या क्षणी सुरू झाले ते आधी शोधावे.